तांबडे सेकंद

एकसष्ट तासांच्या चित्रणातली अकरा मिनिटं हिरवी निघाली. त्यातली चार मगदूम सरांच्या कुत्र्याची होती, आणि कुत्र्याला कायदा लागू नव्हता. उरलेल्या सात मिनिटांत माणसं चहा तरी पीत होती, नाहीतर मला हसत होती.

मी शलाका निमकर. सांगलीला राहते आणि स्वतंत्र माहितीपट करते. स्वतंत्र म्हणजे मला कुणी काम सांगत नाही आणि करते ते कुणी थांबवतही नाही. सतरा वर्षांत तीन झाले. तिन्हींना बक्षिसं मिळाली आणि तिन्ही मिळून चारेकशे लोकांनी पाहिले, त्यातले निम्मे माझ्या सासरचे. चौथा मी इचलकरंजीतल्या एका प्रौढपटांच्या युनिटवर करत होते. गावात त्यांच्या चित्रपटांना 'तसली पिच्चर' म्हणतात, आणि म्हणताना आधी मागं वळून बघतात.

प्रौढपटांना परवाना मिळून पाच वर्षं झाली होती. त्याआधी संगणकानं बनवलेल्या फिल्मांचा असा सुकाळ झाला होता की कुणाचा चेहरा चोरून कुठं चिकटवतील याला धरबंध राहिला नव्हता. सरकारनं चोरीच्या चेहऱ्यांवर बंदी घातली आणि जिवंत, सज्ञान, राजीखुशीनं काम करणाऱ्या माणसांच्या फिल्मांना मुभा दिली. आता राजीखुशी ओळखायची कशी? ते काम रुकारपट्टीकडं आलं.

रुकारपट्टी दिसते जखमेवर लावायच्या पट्टीसारखी. मनगटाच्या आतल्या बाजूला चिकटवायची. पूर्वीची खोटं पकडणारी यंत्रं छातीचे ठोके आणि घाम मोजत. त्यांची अडचण अशी, की ठोके आनंदानंही वाढतात आणि भीतीनंही. नव्या संशोधकांनी ठोके किती वाढले ते सोडून दिलं आणि कधी वाढले ते पाहिलं. आपण आपल्या मर्जीनं काही करतो तेव्हा मेंदू शरीराला आधी खबर देतो. श्वास, स्नायूंचा ताण, कातडीखालचं रक्त, सगळं कृतीच्या अर्धा सेकंद आधी तयार होतं. मनाविरुद्ध केलं की हा क्रम उलटतो. कृती होऊन जाते आणि शरीर मागून दचकतं. विहिरीत आपण होऊन उडी मारणारा आधी छातीभर श्वास घेतो. ढकललेला पाण्यात पडल्यावर हबकतो. श्वास आधी की पाणी आधी, एवढंच पट्टी बघते.

ती खरं-खोटं सांगत नाही, सुख-दुःखही सांगत नाही. मर्जी असेल तो सेकंद हिरवा, नसेल तो तांबडा. तांबड्या सेकंदाला कॅमेऱ्यातच कुलूप लागतं. काढणाऱ्याला तो स्वतःच्या यंत्रावर बघता येतो, पण लोकांना दाखवायच्या फिल्ममध्ये त्या जागी तेवढाच वेळ काळा पडदा येतो.

ही पट्टी कॅमेऱ्यासमोर येणाऱ्या प्रत्येक माणसाला लागू करावी, असा लेख मीच एका दैनिकात लिहिला होता. तो कुणी वाचला की नाही कोण जाणे, पण मी चित्रण सुरू केलं त्या जानेवारीपासून तसा कायदा झाला. मला धास्ती नव्हती. कर नाही त्याला डर कशाला, असं पट्ट्यांचा खोका उघडताना मी म्हणालेही होते.

युनिटचा स्टुडिओ म्हणजे बंद पडलेली यंत्रमागाची शेड. मालक आणि दिग्दर्शक दिनकर मगदूम, वय अठ्ठावन्न. बावीस वर्षं त्यांनी लग्नांची व्हिडिओ शूटिंगं केली. "पोरगी सासरी निघाली की आईचा क्लोजअप घ्यायचो," ते मला पहिल्याच दिवशी म्हणाले. "ती तोंड फिरवायची, मी फिरून पुढं जायचो. लई पाप केलंय ताई. त्यापेक्षा हा धंदा बरा."

मला हे वाक्य फार आवडलं होतं. त्याचा अर्थ कळायला पाच महिने लागले.

त्यांच्याकडं कामाला सुरुवात होते ती हद्दवाचनानं. सगळं युनिट गोल करून उभं राहतं आणि आज आपण काय करणार, काय नाही, ते प्रत्येक जण मोठ्यानं सांगतो. कलाकार सांगतातच, पण बाकीचेही सांगतात. लाईट लावणारा रावसाब म्हणतो, "कंबर धरलीया. शिडीवर दोनदाच चढणार." चहावाल्या काकू म्हणतात, "मी आज आत येत नाही, किटली दारात ठेवीन." मग होते कोरडी तालीम, सगळ्यांच्या अंगावर पूर्ण कपडे, काही जणांच्या अंगावर स्वेटरसुद्धा. कोण कुठं वळणार, हात कुठं ठेवणार, किती वेळ, सगळं आकडे मोजत. बघताना मला प्राथमिक शाळेतली कवायत आठवायची. कुणाच्याही तोंडातून 'नको' आलं की मगदूम सर कट म्हणतात. कट म्हटलं की आधी लेन्सवर झाकण, मग अंगावर टॉवेल, मग बाकीची चर्चा.

मी मनात म्हणायचे, एवढं सगळं आधी ठरवल्यावर त्यात जिवंत काय राहणार? आपलं काम बरं, आपल्याला खरी माणसं मिळतात.

माझ्या माहितीपटाचं मुख्य माणूस होती उज्ज्वला बिरंजे. अडतीस वर्षांची, आधी सूतगिरणीत कामाला, आता इथं सहा वर्षं. परवाना नव्हता तेव्हापासून मगदूम सरांबरोबर. कोल्हापूरकडच्या कितीतरी बायकांसारखी तीही स्वतःबद्दल 'आलो, गेलो' असंच बोलायची. माहितीपटाला ती तयार झाली ती एकाच कारणासाठी, आणि ते तिनं पहिल्याच भेटीत सांगून टाकलं.

"भाऊ माझा तसली पिच्चर बघायचा न्हाई. त्यानं बघूबी नये. पण ही तुमची बघंल. मी कुठं काम करतो, कसल्या माणसांत करतो, ते त्याला एकदा दिसू दे. सहा वर्सं झाली, माझ्या घरात पाणी पिला न्हाई तो."

"भांडण झालं होतं?"

"भांडला असता तर बरं झालं असतं की. मी भांडणात हरत न्हाई."

भावाचं नाव बाळासो. यंत्रमाग दुरुस्त करणारा जॉबर. त्याची मुलं आत्याकडं यायची, बायको सणाला पुरणपोळ्या पाठवायची, भाऊबीजेला तो आपल्या घरी बहिणीकडून ओवाळूनही घ्यायचा. फक्त तिच्या घरी यायचा नाही, जेवायचा नाही. उज्ज्वलाला तेवढंच हवं होतं. तिनं केलेलं त्यानं एकदा बसून खावं.

आता माझ्या धंद्यातली एक गोष्ट सांगते. ती कुठल्याही शाळेत शिकवत नाहीत, पण आम्हा सगळ्यांना येते. मुलाखत संपली की कट म्हणायचं आणि कॅमेरा बंद करायचा नाही. माणूस सैल होतो, खुर्चीत मागं रेलतो आणि तासभर दाबून धरलेलं बोलून जातो. दुसरी युक्ती शांततेची. समोरच्यानं उत्तर दिलं की आपण काही बोलायचं नाही, नुसतं बघत राहायचं. शांतता माणसाला सोसवत नाही. ती भरून काढायला तो आणखी बोलतो, आणि बहुधा रडतो. माझी तिन्ही बक्षिसं या दोन युक्त्यांवर उभी आहेत.

मार्चमधल्या एका दुपारी मी उज्ज्वलावर दोन्ही वापरल्या. कट म्हणाले, कॅमेरा चालू ठेवला आणि गप्प बसले. मनात अकरापर्यंत आकडे मोजले. बाराव्याला तिनं भाऊबीजेची गोष्ट काढली. ओवाळून झाल्यावर डबा पुढं केला, तर दादा म्हणाला, ठेव तिथं, आणि डबा तसाच परत आला. हे सांगताना ती रडली, पदरानं नाक पुसलं आणि पुन्हा रडली. तीन मिनिटं दहा सेकंद. मला आतून उकळ्या फुटत होत्या, हे आता सांगायला हरकत नाही.

जूनअखेर पाच महिन्यांचं सगळं चित्रण तपासणीच्या यंत्राला लावलं. पडद्यावर लांबलचक पट्टा उमटला आणि तो जवळजवळ या टोकापासून त्या टोकापर्यंत तांबडा झाला. ती तीन मिनिटं दहा सेकंदही पहिल्यापासून शेवटपर्यंत तांबडी. मला वाटलं, यंत्र बिघडलं. मगदूम सरांनी त्यांची त्याच दिवशीची फिल्म लावून बघितली. ती हिरवीगार.

"तुमचं रान पावसाळ्यात तरी हिरवं हुतंय काय हो?" रावसाब शेजारून वाकून म्हणाला. "आमचं बारमाही बागायत हाय."

मगदूम सरांनी त्याला चहा आणायला पिटाळलं. मी म्हणाले, "सर, ही फिल्म होत नाही. अकरा मिनिटांत काय दाखवू, कुत्रं?"

"उज्ज्वलाचं तेवढं परत करून घ्या की," ते अगदी सहज म्हणाले. "फस्क्लास रडते ती. आधी सांगून, तालीम करून घेतलं की हिरवंच येणार. पट्टीला रडू खरं का खोटं, काय करायचंय?"

खरं तर मी तिथून उठून जायला हवं होतं. नाटक करून घेतलेला माहितीपट म्हणजे मीठ म्हणून साखर विकणं. पण गरजवंताला अक्कल नसते. मी उज्ज्वलाला बोलावलं आणि काय करायचं ते कळावं म्हणून ती तीन मिनिटं तिला दाखवली.

तिनं ती पूर्ण बघितली. मग म्हणाली, "तुमी कट म्हणालावता की."

मी काही बोलले नाही. यावेळी युक्ती म्हणून नाही, खरंच सुचलं नाही.

"आमच्यात कट म्हंजे कट, ताई. सहा वर्सांत हितं एकदाबी कुणी कट म्हणून शूट केलं न्हाई. आन आमी काय काम करतो ते तुमाला म्हाईत हाय."

"चुकलं माझं," मी म्हणाले. अंगावर पाल पडावी तशी लाज वाटली मला. "पण तू जे बोललीस ते खरं होतं ना? ते दुःख खरं होतं."

"दुःख हाय की. पण मी त्या दिवशी दादासाठी रडलो न्हाई."

"मग?"

"तुमी गप बसलासा म्हणून रडलो. मला वाटलं, माझं काय तरी चुकलं, ताईंना राग आला. आमचे मालक असंच गप बसायचे, गिरणीतले. मग मला कळंना काय बोलू. घरातलं एकदम आतलं काढून दिलं तुमाला, गप बसू नका म्हणून."

सतरा वर्षांत मला असं कुणी सांगितलं नव्हतं. तीन माहितीपटांत मिळून किती माणसं रडली होती ते मी एके काळी अभिमानानं सांगायचे. चौदा. त्या चौदा जणांच्या मनगटावर तेव्हा पट्ट्या नव्हत्या, एवढंच. त्या दुपारी मी त्या सगळ्यांची तोंडं एकेक करून आठवली.

मगदूम सर म्हणाले, "उज्ज्वला, मग परत रडून देतीस काय? तालीम करून?"

"पाच मिनटात देतो. पण हे दादा बघणार हाय, सर. त्याला खोटं रडून दाखवू?" तिनं पदर खोचला. "ताई, परत करू आपण. पण आमच्या पद्धतीनं करायचं. आदी हद्द सांगायची."

दुसऱ्या दिवशी मी आयुष्यात पहिल्यांदा गोलात उभी राहिले. सगळ्यात शेवटी माझी पाळी आली. मी म्हणाले, "मी सगळे प्रश्न आधी वाचून दाखवीन. कटनंतर कॅमेरा चालू ठेवणार नाही. आणि गप्प बसले तर समजा, की मला पुढचा प्रश्न सापडत नाहीये."

"सापडंना तर मला इचारा," रावसाब म्हणाला. "माझ्याकडं लई हायत."

पुढच्या सात आठवड्यांत मला जे मिळालं ते आधीच्या पाच महिन्यांत मिळालं नव्हतं. प्रश्न आधी कळल्यावर माणसं खोटी होतील अशी माझी पक्की समजूत होती. झालं उलटंच. रात्रभर प्रश्न डोक्यात घेऊन ती झोपायची आणि सकाळी तयार होऊन यायची, कुणी कुणी तर टिपणं काढून. चहावाल्या काकूंनी आपण होऊन सांगितलं, की पहिला महिनाभर त्या किटली ठेवताना डोळे मिटायच्या, आणि एकदा त्यात पाय भाजून घेतला. रावसाबनं लग्नाच्या स्थळांना तो आपलं काम काय म्हणून सांगतो त्याची यादी दिली. 'सौरऊर्जा' हे त्यातलं सगळ्यात यशस्वी उत्तर. उज्ज्वलानं काय काय सांगितलं ते इथं लिहीत नाही, कारण फिल्ममध्ये आहे आणि ती म्हणते, फुकट कशाला सांगायचं. पण ती कंटाळ्याबद्दल बोलली, गुडघ्यांबद्दल बोलली, लाज कधी वाटते आणि कधी वाटत नाही याबद्दल बोलली. ज्या प्रश्नाला मी आधी हातही लावला नसता, तो तिनंच माझ्या यादीत घालायला लावला. आणि पट्टा हिरवा येत गेला, भाताच्या वाफ्यासारखा.

एक दिवस ती म्हणाली, "दादाला घ्यायचा यात."

"तो येईल कॅमेऱ्यापुढं?"

"तुमी हद्द इचारा त्याला. मी एकच प्रश्न इचारणार, ते बी सांगा. कुठला, ते बी सांगा."

बाळासोचं वर्कशॉप शेडपासून दोन गल्ल्या टाकून होतं. पन्नाशीचा, अंगानं आडवा, हात कोपरापर्यंत ग्रीसनं काळे. मी सगळं सांगितलं. तो पाना पुसत ऐकत राहिला.

"लूमवर काय बी इचारा," तो म्हणाला. "भनीच्या कामावर एक शब्द बोलणार न्हाई."

"नाही विचारणार. पण तिला स्वतः येऊन तुम्हाला एक विचारायचंय. जेवायला येशील का, एवढंच. तुम्ही काहीही उत्तर देऊ शकता. नको असेल तर ती येणारच नाही."

त्यानं पाना दुसऱ्या हातात घेतला. "इचारू दे. उत्तर तयार हाय माझं."

त्यानं पट्टी लावून घेतली आणि यंत्रमागावर पाऊण तास बोलला. धाग्याचा धोटा कसा उडतो, आवाजावरून कुठला भाग झिजलाय ते कसं कळतं. छान बोलला, सगळं हिरवं. मग उज्ज्वला आली. चपला बाहेर काढून दारातच उभी राहिली.

"दादा, येतोस काय जेवायला?"

त्यानं पाना खाली ठेवला, परत उचलला. म्हणाला, "न्हाई."

"बरं," ती म्हणाली आणि चपला घालून गेली. मी कट म्हणाले आणि कॅमेरा बंद केला. झाकणही लावलं.

संध्याकाळी शेडमध्ये चित्रण तपासलं. पाऊण तासाचा हिरवा पट्टा, आणि शेवटी एकच काडी तांबडी. बाळासोचा 'न्हाई.' शब्द आधी निघाला होता, शरीर मागून हबकलं होतं. उत्तर तयार होतं, मर्जी तयार नव्हती.

मी ओरडायचीच बाकी होते. "उज्ज्वला, हे बघ. त्याला यायचंय. मनातून यायचंय त्याला. चल, आत्ता जाऊ आणि हे दाखवू."

मला वाटलं ती माझ्या गळ्यात पडेल. ती पडद्याकडं बघत राहिली. डोळे भरले होते, पण आवाज सरळ होता.

"न्हाई दाखवायचं."

"का?"

"तो न्हाई म्हणाला, मी ऐकलं. संपलं." माझ्या तोंडाकडं बघून तिला बहुतेक दया आली. "ताई, होय कुणी म्हणालं तर आमी पट्टी बघतो. खरंच होय हाय का, कुणी ढकललंय. न्हाई म्हणालं तर पट्टी कुणी बघत न्हाई. मनगट धरून कुणी म्हणालं, तू तोंडानं न्हाई म्हणतीस पण आतनं होय हाय, तर मी त्याचा हात मोडीन. मग दादाला तसं कसं करू?"

मगदूम सर मागं उभे होते. त्यांनी नुसती मान हलवली. मी पट्टा बंद केला. हे शहाणपण मला आधी कुणी शिकवलं असतं तर चौदा माणसं रडायची वाचली असती.

सप्टेंबरात फिल्म पूर्ण झाली, एक तास चार मिनिटं. कायद्याप्रमाणं फिल्ममध्ये दिसणाऱ्या प्रत्येकानं ती लोकांसमोर जाण्याआधी पूर्ण बघायची असते. तेव्हाही पट्टी लावायची आणि नको असेल तर आपला भाग काढायला सांगायचा. एका रविवारी सकाळी अकराला शेडमध्येच पडदा लावला. खुर्च्या मांडल्या. चहावाल्या काकू नवी साडी नेसून आल्या आणि आज चहा कोण करणार यावरून वाद झाला.

बाळासो सगळ्यात शेवटी आला. इस्त्रीचा शर्ट, हात घासून धुतलेले. मला बाजूला घेऊन म्हणाला, "माझं तोंड काढून टाका यातनं. तेवढं सांगायला आलोय."

"काढते. पण नियम आहे, आधी बघावं लागतं. नंतर म्हणालात तर त्याच क्षणी काढीन."

तो कडेच्या खुर्चीत बसला, दाराजवळ. उज्ज्वला पुढं बसली होती. तिनं वळून बघितलं आणि परत पडद्याकडं तोंड केलं.

फिल्म सुरू झाली. रावसाबच्या सौरऊर्जेला शेड हसली. हद्दवाचन आलं तेव्हा बाळासो पुढं सरकून बसला. काकूंचा पाय भाजला तिथं तो हसला आणि हसल्याचं लक्षात येऊन गप्प झाला. उज्ज्वला गुडघ्यांबद्दल बोलत होती, पुढं काय करायचंय ते सांगत होती, मध्येच मगदूम सरांची नक्कल करत होती. सहा वर्षं त्यानं त्या शेडबद्दल मनात काय काय रंगवलं होतं कोण जाणे. पडद्यावर माणसं स्वेटर घालून आकडे मोजत होती.

मग त्याचं वर्कशॉप आलं. धोटा, पाना, त्याचे काळे हात. मी त्याच्याकडं तिरक्या नजरेनं बघत होते. त्यानं खुर्चीचा दांडा धरला होता. पुढं काय येणार ते त्याला माहीत होतं. तिच्या सगळ्या माणसांसमोर स्वतःचा 'न्हाई' ऐकावा लागणार, अशी त्याची समजूत होती.

पडद्यावर उज्ज्वला दारात आली. "दादा, येतोस काय जेवायला?"

त्यानं पाना खाली ठेवला, परत उचलला. आणि पडदा काळा झाला. तांबडा सेकंद दाखवता येत नाही. तेवढा वेळ शेडमध्ये ना चित्र होतं ना आवाज. प्रश्न नुसताच पडून होता, आणि तो ज्याला विचारला होता तो माणूस दाराजवळच्या खुर्चीत बसला होता.

काळ्या पडद्यानंतर 'बरं' म्हणणारी उज्ज्वला यायची होती. ती येण्याआधीच मागून आवाज आला, खाकरून घेतलेला.

"काय केलंयस?"

सगळी शेड वळली. मगदूम सरांनी उठून फिल्म थांबवली. बाळासोच्या मनगटावर पट्टी होती आणि तिचा दिवा माझ्या यंत्रावर दिसत होता. मी यंत्राचं झाकण मिटलं.

उज्ज्वला वळली नाही. पडद्याकडं तोंड ठेवूनच तिनं पदरानं नाक पुसलं.

"मटण," ती म्हणाली. "भाकऱ्या तू बसलास की टाकतो."